तेहतीस ओळींची चौकट

२० एप्रिल २०२१ च्या रात्री क्रीडा पानाची जबाबदारी माझ्या एकट्यावर होती. एरवी आम्ही दोघे उपसंपादक असायचो, पण सहकाऱ्याच्या घरात कोरोना शिरल्यामुळे तो विलगीकरणात होता, आणि पणजीतल्या आमच्या कार्यालयात एक खुर्ची सोडून एक माणूस अशी बसण्याची व्यवस्था होती. पंतप्रधान पावणेनऊला राष्ट्राला उद्देशून बोलणार आहेत हे संध्याकाळी कळले, तेव्हाच पहिल्या पानाची मांडणी पुन्हा करावी लागणार हे सगळ्यांच्या लक्षात आले. अशा दिवशी पहिल्या पानावरच्या जाहिराती आत सरकतात आणि आतल्या पानांत सर्वांत आधी जागा सोडावी लागते ती खेळाला. त्या रात्री माझ्या पानाचा खालचा चतकोर भाग असाच गेला.

उरलेल्या जागेत तीन मोठ्या बातम्या बसवायच्या होत्या. चेन्नईत मुंबई आणि दिल्ली यांचा आयपीएल सामना चालू होता. युरोपातल्या बारा श्रीमंत फुटबॉल क्लबांनी दोनच दिवसांपूर्वी जाहीर केलेली सुपर लीग मोडकळीला आली होती आणि तिची बातमी घटकेघटकेला बदलत होती. तिसरी बातमी घरची होती. फातोर्ड्याच्या जवाहरलाल नेहरू स्टेडियमवर रात्री साडेदहाला एफसी गोवा आणि तेहरानचा पर्सेपोलिस यांची गाठ पडणार होती. आशियाई चॅम्पियन्स लीगच्या गटसाखळीत उतरलेला एफसी गोवा हा पहिलाच भारतीय क्लब. अल रय्यान आणि अल वाहदा या दोन्ही संघांशी गोलशून्य बरोबरी साधून त्याने दोन गुण मिळवले होते आणि साऱ्या गोव्याला त्याचे कौतुक होते. पर्सेपोलिसचे पाणी मात्र वेगळे होते. सलग चार वर्षे इराणची लीग जिंकलेला हा संघ चारच महिन्यांपूर्वी याच स्पर्धेच्या अंतिम सामन्यात, कतारमध्ये, कोरियाच्या उल्सानकडून २-१ असा हरला होता.

दुपारच्या बैठकीत मी या सामन्याच्या बातमीला जोडून पर्सेपोलिसच्या कर्णधारावर एक चौकट सुचवली होती. सय्यद जलाल होसैनी, वय ३९, जागा बचावफळीच्या मध्यभागी. आमच्या मैदानांवर या जागेला आजही स्टॉपर म्हणतात. मी स्वतः गुडघा साथ देत होता तोवर गावच्या संघात स्टॉपर म्हणून खेळलो आहे, त्यामुळे या जागेविषयी मला आपुलकी आहे आणि थोडी तक्रारही. इतकी वर्षे क्रीडा पान लावताना माझ्या हातून स्टॉपरची नावे छापली गेली ती बहुधा दोनच कारणांनी, लाल कार्ड मिळाले म्हणून किंवा स्वयंगोल झाला म्हणून. नव्वद मिनिटे नेमक्या जागी उभे राहून ज्याने समोरच्याला फटकाच मारू दिला नाही, त्याच्याविषयी लिहायला बातमीत क्रियापद सापडत नाही. ती कसर निदान एका चौकटीपुरती भरून काढावी असे मनात होते.

होसैनीच्या कारकिर्दीची टिपणे मी आठवडाभर जमवत होतो. त्याचा जन्म १९८२ चा, कास्पियन समुद्राच्या काठावरच्या बंदर अंझली या गावचा. तिथल्या मलवान क्लबमधून त्याने सुरुवात केली. फारसीत मलवान म्हणजे खलाशी, आणि या क्लबचे नाते इराणी नौदलाशी. बंदरावरच्या गावातला मुलगा ‘खलाशी’ नावाच्या संघातून पुढे यावा, ही गोष्ट दर्यावर्दी माणसांच्या शेजारी वाढलेल्या मला फार जवळची वाटली. २००६ मध्ये तो मोटारी बनवणाऱ्या सायपा कंपनीच्या संघात गेला. तेव्हा इराणचा विख्यात गोलवीर अली दाई तिथे स्वतः खेळत होता आणि प्रशिक्षकही तोच होता. त्या हंगामात सायपाने लीग जिंकली आणि २००७ मध्ये होसैनी राष्ट्रीय संघात आला. पुढे इस्फहानच्या सेपाहानकडून त्याने २०१० ते २०१२ अशी लागोपाठ तीन विजेतेपदे मिळवली. त्यानंतर पर्सेपोलिस, कतारचा अल अहली, नफ्त तेहरान, आणि २०१६ पासून पुन्हा पर्सेपोलिस. क्लब बदलत गेले, पण तो ज्या बचावफळीत उभा राहिला ती सहसा विजेत्या संघाची ठरली.

या सगळ्यात मला लिहायला सर्वांत आवडला तो २१ जून २०१४ चा सामना. ब्राझीलमधल्या बेलो ओरिझोंतेला विश्वचषकात इराण आणि अर्जेंटिना समोरासमोर होते. मेस्सी, इग्वाईन, अग्वेरो, दी मारिया असा हल्ला एका बाजूला, आणि दुसऱ्या बाजूला मधोमध अमीर होसैन सादेघी आणि होसैनी. चौकटीसाठी मी त्या सामन्याचे चित्रण पुन्हा पाहिले आणि या खेपेस चेंडूवरची नजर काढून फक्त होसैनीच्या चार नंबरच्या शर्टावर ठेवली. तो धावतो फार थोडा. चेंडू दुसऱ्या कडेला असताना तो दोन पावले मागे सरकतो, खांद्यावरून मागे बघतो, हाताने शेजाऱ्याला आत ओढल्यासारखी खूण करतो, आणि चेंडू येतो तेव्हा तो तिथे आधीच उभा असतो. नव्वद मिनिटे शून्य-शून्य झाली. भरपाईच्या वेळेत मेस्सीने क्षेत्राबाहेरून डाव्या पायाने वळवलेला चेंडू खांबाच्या आतून गेला. त्या फटक्यापुढे मधल्या बचावपटूंना काही करण्यासारखे उरलेच नव्हते.

नऊच्या सुमारास चौकट लिहून झाली, तेहतीस ओळींची. त्यातले एक वाक्य असे होते: ‘गोल करणाऱ्यांच्या यादीत या माणसाचे नाव शोधू नका, त्याचे नाव न झालेल्या गोलांच्या यादीत आहे.’ हे वाक्य जमले याचे मला समाधान होते. दुसरे एक वाक्य असे होते की त्याने २०१४ आणि २०१८ असे दोन विश्वचषक खेळले. पान लावायला देण्यापूर्वी मी नेहमीप्रमाणे आकडे आणि नावे पुन्हा तपासायला घेतली आणि या दुसऱ्या वाक्यापाशी थबकलो. २०१८ च्या इराणच्या संघात होसैनी होता हे खरे, पण तो माजिद होसैनी, बावीस वर्षांचा तरुण. जलाल होसैनी त्या संघात नव्हताच. टिपण काढताना आडनाव दिसले आणि मी पुढचे नाव वाचले नाही. क्रीडा पानावरची ही सर्वांत जुनी आणि सर्वांत महाग पडणारी चूक आहे, आणि ती माझ्या हातून होऊन गेली होती.

दुरुस्तीसाठी मागचे संदर्भ उघडले तेव्हा जे समोर आले ते चौकटीत मुळातच असायला हवे होते. २०१८ च्या विश्वचषकासाठी आशियाई पात्रतेच्या शेवटच्या फेरीत इराणने दहा सामन्यांत केवळ दोन गोल स्वीकारले, आणि ते दोन्हीही पात्रता मिळून गेल्यानंतरच्या अखेरच्या सामन्यात, सीरियाविरुद्ध. ही बचावफळी ज्याच्याभोवती उभी राहिली त्यात होसैनी प्रमुख होता. शंभराहून अधिक आंतरराष्ट्रीय सामने त्याच्या गाठीशी होते. आणि रशियाला जाणारा संघ प्रशिक्षक कार्लोस केरोझ यांनी निवडला तेव्हा त्यात तो नव्हता. छत्तीस वर्षांच्या बचावपटूला दुसरी संधी मिळत नाही हे सांगायला कोणी तज्ज्ञ लागत नाही. त्यानंतर तो खचला असता तर कोणी नावे ठेवली नसती. तो क्लबकडे परतला आणि त्याच वर्षी कर्णधार म्हणून पर्सेपोलिसला पहिल्यांदाच आशियाई चॅम्पियन्स लीगच्या अंतिम सामन्यापर्यंत घेऊन गेला. तिथे जपानच्या काशिमाने त्यांना हरवले. मी बेलो ओरिझोंतेच्या सहा ओळी कमी केल्या आणि तिथे हे लिहिले. हात जड झाले होते, कारण आडनावाची ती चूक तशीच छापली गेली असती तर त्याच्या आयुष्यातला सर्वांत मोठा अन्याय मी पुसून टाकून त्या जागी मानाचा तुरा खोवला असता.

दहा वाजता वृत्तसंपादक माझ्या टेबलापाशी आले. पंतप्रधानांचे भाषण, राज्याची रुग्णसंख्या, सगळे मिळून आत आणखी जाहिरात सरकणार होती. ते म्हणाले, “चौकट काढावी लागेल हो. आजच्या दिवशी इराणच्या खेळाडूवर तेहतीस ओळी कोण वाचणार?” त्यांचे चुकत नव्हते. त्या दिवसांत निधनाच्या जाहिराती पानभर येत होत्या आणि खेळाविषयी आग्रह धरणे जड जात होते. मी चौकट बाजूला ठेवली, पुसली मात्र नाही.

सामना सुरू झाला तेव्हा आयपीएलचा सामना शेवटाकडे आला होता. एका पडद्यावर ते, भिंतीवरच्या लहान टीव्हीवर फातोर्डा. मडगावचे आमचे बातमीदार मैदानाच्या जवळच राहतात. एरवी गोवा गोल करतो तेव्हा टीव्हीवर दिसण्याआधी त्यांच्या गॅलरीत गर्जना पोचते, आणि आम्हाला त्यांचा फोन येतो. त्या रात्री मैदान प्रेक्षकांना बंद होते. दिव्यांचा उजेड त्यांच्या गॅलरीत येत होता, आवाज काही नव्हता. चौदाव्या मिनिटाला गोव्याच्याच ब्रँडन फर्नांडिसने उचललेल्या फ्री किकवर एदू बेदियाने हेडर मारला आणि चेंडू जाळ्यात गेला. आशियाई चॅम्पियन्स लीगच्या गटसाखळीत भारतीय क्लबाचा हा पहिला गोल. फोन आला, त्यांचा आवाज भरून आला होता. “अहो, झाला! आणि इथे एक माणूस नाही ओरडायला.” मी मथळ्याच्या जागी ‘फातोर्ड्यावर इतिहास’ असे टाइप केले. पान लावणाऱ्या दादांनी ते लगेच आठ कॉलमांत पसरवून पाहिले.

तो मथळा चार मिनिटे टिकला. अठराव्या मिनिटाला पर्सेपोलिसच्या तोराबीने पेनल्टीवर बरोबरी केली. चोविसाव्या मिनिटाला पर्सेपोलिसचा चेंडू गोव्याच्या गोलसमोर उंच आला, घोळक्यातून चार नंबरचा शर्ट वर उठला आणि हेडरने गोल झाला. पडद्यावर नाव आले, होसैनी. मी खात्री करून घेतली की पुढे जलालच आहे.

वृत्तसंपादक दुरूनच म्हणाले, “ती तुमची चौकट आहे ना अजून?” दादांनी सुपर लीगच्या बातमीतला एक परिच्छेद कापला आणि जागा झाली. आता प्रश्न माझ्या त्या आवडत्या वाक्याचा होता. ते आता छापता येणार नव्हते, आणि खरे तर आधीही छापायला नको होते. माझ्याच टिपणांत २००७ च्या आशियाई चषकातला त्याचा उझबेकिस्तानविरुद्धचा गोल लिहिलेला होता, क्वालालंपूरचा. स्टॉपरविषयी मला जे म्हणायचे होते त्यात तो बसत नव्हता म्हणून मी तो गाळला होता. ज्या माणसाला न्याय द्यायला बसलो त्याच्या वाट्याचा एक गोल मीच काढून घेतला होता. मी वाक्य पुसले आणि दोन्ही गोल साध्या शब्दांत लिहिले. ओळी पुन्हा तेहतीसच भरल्या.

मध्यंतराच्या तोंडावर गोव्याचा गोलरक्षक धीरज सिंगने एक पेनल्टी अडवली आणि आमच्या विभागात त्या रात्रीच्या एकमेव टाळ्या वाजल्या. उत्तरार्धात मी बातमी लिहीत लिहीत अधूनमधून वर पाहत होतो. रिकाम्या मैदानामुळे खेळाडूंच्या हाका टीव्हीवर ऐकू येत होत्या. एका गोलाची आघाडी सांभाळणारा संघ शेवटची वीस मिनिटे कशी खेळतो ते शिकण्यासारखे होते. गोव्याची मुले दमून दमून पुढे येत होती आणि त्यांना मधली वाट काही केल्या सापडत नव्हती. त्या वीस मिनिटांविषयी माझ्या बातमीत एकच वाक्य आहे, ‘पर्सेपोलिसने आघाडी अखेरपर्यंत टिकवली’. याहून चांगले लिहायला वेळ नव्हता, याची रुखरुख अजून आहे.

सामना २-१ असा संपला तेव्हा साडेबारा होत आले होते. मुंबईचा पराभव वर डावीकडे गेला, सुपर लीगच्या बातमीत चेल्सी माघारीच्या तयारीत आहे इतकेच बसले, आणि मुख्य मथळा ‘ऐतिहासिक गोल, पण गोव्याची हार’ असा झाला. पान सोडताना दादांनी चौकटीची छापील प्रत माझ्यासमोर धरली आणि मी बोट ठेवून नाव आणि आडनाव शेवटचे वाचले. मडगावहून फोन आला की मैदानावरचे दिवे विझले.

तीन दिवसांनी पर्सेपोलिसने परतीच्या सामन्यात गोव्याला ४-० ने हरवले आणि पुढे गटात पहिले स्थान मिळवले. महिनाअखेरीस गोव्यात टाळेबंदी लागली आणि माझे पान अर्ध्यावर आले. त्याच वर्षी जुलैत पर्सेपोलिसचे सलग पाचवे विजेतेपद झाले, म्हणजे सायपाचे एक, सेपाहानची तीन आणि ही पाच मिळून होसैनीची नऊ. २०२२ मध्ये, चाळिसाव्या वर्षी, तो निवृत्त झाल्याचे वृत्त आले, तेव्हाही क्रीडा पान माझ्याकडेच होते. मी त्याला दोन कॉलम दिले आणि छायाचित्र फातोर्ड्याचे लावले.