माळ्यावरचे गेम

आमच्या घरी एक्सबॉक्स सिरीज एस, म्हणजे टीव्हीला जोडून गेम खेळायचा मायक्रोसॉफ्टचा कन्सोल, आला तो 2021 च्या दिवाळीत, धाकट्या भावाच्या पहिल्या बोनसमधून. तेव्हा त्याची किंमत 34,990 रुपये होती. पांढरा, पुस्तकाएवढा, एका बाजूला काळी गोल जाळी. ह्याला डिस्क घालायची फटच नाही. गेम घ्यायचा तो इंटरनेटवरून उतरवायचा आणि आतल्या जागेत ठेवायचा, दुसरा मार्ग नाही. आतली जागा 512 जीबी. ठाण्यातल्या वर्तकनगरच्या आमच्या दोन खोल्यांत आम्ही चार माणसं राहतो, त्या मानाने हे आकडे मला फार ऐसपैस वाटले होते.

तीन महिन्यांत सगळं भरलं.

512 मधले आपल्या हातात येतात साधारण 364. थोडा फरक मोजण्याच्या पद्धतीचा. साठवणुकीची सामग्री बनवणारे हजाराच्या हिशेबाने मोजतात आणि स्क्रीनवर 1024 च्या हिशेबाने आकडा दिसतो, म्हणजे 512 चे 476 इथेच होतात. बाकीची जागा कन्सोलची स्वतःची प्रणाली आणि तिच्या कामासाठी राखून ठेवलेली. त्या 364 मध्ये भावाचा कॉल ऑफ ड्यूटी, त्याचाच गाड्यांच्या शर्यतीचा गेम, एक फुटबॉलचा, माझा माइनक्राफ्ट (हा बिचारा एक-दोन जीबीत मावतो) आणि बाबांचा क्रिकेटचा गेम. मोठे दोन गेमच मिळून निम्म्याहून जास्त जागा खायचे.

बाबांचं सांगायला हवं. वागळे इस्टेटमधल्या कारखान्यात तीस वर्षं काढून ते निवृत्त झाले. कंट्रोलर पहिल्यांदा हातात घेतला तेव्हा दोन्ही अंगठे एकदम चालवणं त्यांना जमेना. पण क्रिकेटच्या गेममध्ये एक करिअर मोड असतो. आपला एक खेळाडू तयार करायचा, क्लबकडून खेळायला सुरुवात करायची, धावा करत करत वर जायचं. बाबांनी डावखुरा सलामीवीर तयार केला. दुपारी जेवण झालं की एक सामना, संध्याकाळी चहानंतर एक. आई फोडणी देता देता विचारायची, "आज किती काढल्या?" पाच महिन्यांत तो पोरगा राज्याच्या संघात पोचला होता.

जागा संपली की आम्ही एकच गोष्ट करायचो, ह्याचा गेम उडव आणि त्याचा उतरव. आमचं इंटरनेट गल्लीतल्या केबलवाल्याचं, 50 एमबीपीएसचं. 50 एमबीपीएस म्हणजे सेकंदाला सव्वासहा एमबी, म्हणजे 100 जीबीचा गेम उतरायला कागदावरच साडेचार तास. प्रत्यक्षात सहा-सात लागायचे. मध्ये लाईट गेली तर डाउनलोड जिथे थांबलं तिथूनच पुढे चालू होतं, ते वाया जात नाही. पण वेळ जातोच. शनिवारी सकाळी उडवलेला गेम शनिवारी रात्री परत हवा झाला, असं कितीदा झालं असेल.

जुलैमधल्या एका शनिवारी भावाला नवा गेम हवा होता आणि 20 जीबी कमी पडत होते. मी ऑफिसच्या कामाला ऐरोलीला गेले होते. त्याने एकेका गेममध्ये जाऊन जे दिसेल ते काढायला घेतलं. क्रिकेटच्या गेममध्ये त्याला 'सेव्ह्ड डेटा' दिसला. तिथे दोन पर्याय येतात. एक, फक्त ह्या कन्सोलवरून काढा. दोन, सगळीकडून काढा. त्याने दुसरा दाबला. त्याला वाटलं, पूर्ण काढलं तर जास्त जागा सुटेल.

सुटली किती? काही एमबी.

संध्याकाळी बाबांनी गेम चालू केला तर स्क्रीन म्हणते, नवीन खेळाडू तयार करा. ते दोनदा बाहेर येऊन परत आत गेले. मग मला फोन केला, "अगं, माझा पोरगा दिसत नाहीये." मी घरी येईपर्यंत कन्सोल बंद करून ते बाल्कनीत बसले होते. भावाला एका शब्दाने बोलले नाहीत. तो स्वयंपाकघरात उभा राहून रडला.

मी त्या रात्री आणि पुढच्या दोन रात्री हे सगळं नीट समजून घेतलं. जे समजलं ते पहिल्या दिवशीच समजायला हवं होतं, म्हणून इथे सविस्तर लिहितेय.

गेम ही एक वस्तू आणि सेव्ह ही वेगळी वस्तू. गेम कितीही मोठा असो, तो विकत घेतलेला असेल तर आपल्या खात्यावर राहतो. कन्सोलवरून काढला तरी 'फुल लायब्ररी'मध्ये त्याचं नाव दिसत राहतं आणि पुन्हा पैसे न देता उतरवता येतो. सेव्ह मात्र आपण केलेल्या खेळाची नोंद असते. एक्सबॉक्सवर ती आपोआप आणि फुकट क्लाउडवर, म्हणजे इंटरनेटवरून कंपनीच्या संगणकांवर, चढते, त्यामुळे गेम अनइन्स्टॉल केला तरी सेव्हला काही होत नाही. पुन्हा उतरवला की जिथे सोडलं तिथूनच सुरू. फक्त 'सगळीकडून काढा' म्हटलं तर ती क्लाउडवरूनही पुसली जाते आणि मग कुठूनच आणता येत नाही. शंभर जीबी परत मिळतात आणि चार एमबी मिळत नाहीत. जागा करायला सेव्हला हात लावण्याचं काहीही कारण नसतं, कधीच नसतं.

अजून एक. तोवर आम्ही तिघंही भावाच्याच खात्यावर खेळायचो. बाबांना वेगळं खातं हवं हे आमच्या डोक्यातच आलं नाही. सेव्ह खात्याप्रमाणे वेगळी राहते. भावाच्या खात्यावर ह्या कन्सोलला 'होम एक्सबॉक्स' ठरवून टाकलं की त्याने घेतलेले गेम ह्याच कन्सोलवर बाकीच्यांना आपापल्या खात्यावरून खेळता येतात. पैसे लागत नाहीत. दहा मिनिटांचं काम.

मग जागेचा प्रश्न. आमच्याकडे एक जुनी हार्ड डिस्क कपाटात पडून होती, ती मी जोडायला गेले. सुदैवाने आधी वाचलं. कन्सोलला गेमसाठी यूएसबी 3.0 ची, किमान 128 जीबीची डिस्क लागते आणि गेमसाठी वापरायची म्हटलं की कन्सोल ती फॉरमॅट करतो, म्हणजे आधीचं सगळं पुसून टाकतो. त्या डिस्कवर मावशीच्या लग्नाचे आणि आजीचे फोटो होते, दुसरीकडे कुठेच नसलेले. ती जशीच्या तशी कपाटात परत ठेवली आणि दुसऱ्या दिवशी नौपाड्यातल्या एका दुकानातून 1 टीबीची नवी आणली, चार हजारांच्या थोडं वर. खिशात मावेल एवढी, वायरच्या टोकाला निळी जीभ. ही निळी जीभ बघून घ्यायची, यूएसबी 3.0 ची ती सहसा असते.

दुकानदार म्हणाला, "मॅडम, लावा आणि खेळा, टेन्शनच नाही." तसं नाही. एक्सबॉक्स वन आणि 360 ह्या आधीच्या कन्सोलचे जुने गेम ह्या डिस्कवरून थेट चालतात, ते खरं. पण सिरीज एक्स आणि एस साठी खास बनवलेले नवे गेम तिच्यावर ठेवता येतात, खेळता येत नाहीत. चालू करायला गेलं की कन्सोल सांगतो, आधी आत हलवा. कारण वेगाचं आहे. आतली एसएसडी, म्हणजे न फिरणारी चिपची साठवण, सेकंदाला 2.4 जीबी वाचते. अशी फिरणारी हार्ड डिस्क शंभर-सव्वाशे एमबी. नवे गेम त्या वेगावर विसंबून बनवलेले असतात. आतल्याइतक्याच वेगाचं वेगळं कार्ड मिळतं, सीगेटचं, मागच्या खाचेत बसणारं. त्यावरून नवे गेम थेट खेळता येतात. पण 2020 मध्ये कन्सोल 299 डॉलरचा आणि 1 टीबीचं कार्ड 220 डॉलरचं, असा हिशेब होता. आम्हाला ते झेपणारं नव्हतं, आणि आता मला त्याची गरजही वाटत नाही.

भाऊ हिरमुसला. खेळता येत नाही तर डिस्क कशाला आणली, असं त्याचं म्हणणं. मी आईला समजावून सांगत होते तेव्हा ती म्हणाली, "म्हणजे माळाच की. चकलीचा सोऱ्या वर्षातून एकदा लागतो म्हणून आपण तो टाकून देतो का? वर ठेवतो, दिवाळीला काढतो."

तेच. आणि माळ्यावरून खाली काढायला किती वेळ लागतो हे मी घड्याळ लावून बघितलं. 60 जीबीचा गेम डिस्कवरून आत यायला बारा मिनिटं. तोच इंटरनेटवरून उतरवायला कागदावरच पावणेतीन तास. डिस्कचा फायदा हा आहे, आणि ज्याचं इंटरनेट आमच्यासारखं आहे त्याला तो फार मोठा आहे.

पुढचा रविवार सगळे मिळून आवराआवर केली. 'माय गेम्स अँड ॲप्स'मध्ये 'मॅनेज' उघडून गेम आकाराप्रमाणे लावले आणि एकेकाला विचारलं, हा गेल्या पंधरा दिवसांत कोणी खेळलंय का? नसेल तर डिस्कवर. फुटबॉल गेला, शर्यतीचा गेला. कॉल ऑफ ड्यूटीत मला नवीच गोष्ट दिसली. ह्या गेमचे भाग सुटे काढता येतात. भावाची कथेची मोहीम कधीच संपली होती, तो रोज मित्रांबरोबर खेळायचा तो मल्टिप्लेयर. मोहिमेपुढची खूण काढली आणि एका झटक्यात कित्येक जीबी मोकळे झाले. जुने 360 चे दोन गेम कायमचे डिस्कवर, ते तिथूनच चालतात. गेम पास, म्हणजे वर्गणी भरून खेळायला मिळणाऱ्या गेमची यादी, त्यातले गेम वेगळे बघायचे. त्यातले बरेच कधी ना कधी यादीतून निघून जातात, 'लीव्हिंग सून' (लवकरच जाणारे) ह्याखाली त्यांची नावं आधी येतात. तिथे नाव आलेला गेम माळ्यावर टाकून उपयोग नाही. संपवायचा असेल तर तोच आधी आत घ्यायचा.

क्रिकेट आतच राहिलं. त्याला कोणी हलवायचं नाही, हे न बोलता ठरलं.

आता आम्ही आत 50 जीबी तरी रिकामे ठेवतो. गेमची अपडेट येते तेव्हा तिला जागा लागते, आणि जागा नसली की अपडेट अडकते, आणि अपडेटशिवाय ऑनलाइन गेम सुरूच होत नाही. नेमकं रविवारी सकाळी हे होतं. मोठं काही उतरवायचं असेल तर रात्री लावून कन्सोल स्लीप मोडवर ठेवतो, डाउनलोड चालू राहतं. दिवसा लावलं तर चालू असलेला गेम आधी बंद करायचा. तो मागे उघडा असला तरी डाउनलोड मंदावतं, हे मला फार उशिरा कळलं. टीव्हीच्या मागे भिंतीला एक कागद चिकटवलाय, आत काय आणि डिस्कवर काय ते पेन्सिलीने लिहिलेला. स्क्रीनवर सगळं दिसतं हे मला माहीत आहे, पण बाबांना कागद बरा वाटतो.

बाबा महिनाभर खेळलेच नाहीत. त्यांच्या नावाचं खातं उघडून ठेवलं होतं, ते रोज बघायचे आणि पेपर वाचायला घ्यायचे. गणपतीत, आरतीनंतर पाहुणे गेले, तेव्हा भावानेच कंट्रोलर त्यांच्या हातात दिला आणि म्हणाला, "बाबा, ह्या वेळी बॉलर करा. मी किपिंगला उभा राहतो." एकट्याच्या करिअरमध्ये असं दोघांना खेळता येत नाही, हे तिघांनाही माहीत होतं. बाबांनी लेगस्पिनर तयार केला. पहिल्या सामन्यात त्याला दोन विकेट मिळाल्या. गेममधून बाहेर येताना सेव्ह क्लाउडवर चढल्याची खूण दिसेपर्यंत भाऊ टीव्हीसमोरून हलला नाही.

काल रात्री आत 58 जीबी रिकामे होते. लेगस्पिनर क्लबच्या संघात आहे, अजून राज्याच्या संघात पोचला नाही.