लघवीची डबी आणि हुकलेल्या दोन तारखा

दीड महिना माझी मूत्राशयाची तपासणी अडली ती एका डबीपायी. आजाराचा त्यात काही संबंध नव्हता, म्हणून अजून डोकं तापतं.

नागपूरच्या वर्धा रोडवर गाडी घसरली आणि कमरेचा पहिला मणका, एल-१, मोडला. ऑपरेशन झालं, काठी घेऊन चालायला लागलो. लोक म्हणाले, नशीब बाप्पा! पण लघवी लागलेली कळत नव्हती आणि खोकलो की पँट ओली, हे कोणाला सांगता? लघवीची पिशवी सैल झाली असं समजून मी पाणीच तोडलं. सोनोग्राफीत उलटं निघालं. लघवी करून आल्यावरही आत ३८० मिली शिल्लक. मूत्राशय रिकामं होतच नव्हतं, भरून वरून सांडत होतं. त्याच्या नसा नेमक्या त्याच भागातून निघतात म्हणे.

डॉक्टरांनी युरोडायनॅमिक, म्हणजे मूत्राशयातला दाब मोजायची तपासणी सांगितली. आतला दाब वाढत असेल तर किडनीवर येतं, म्हणून ती आधी हवी. पण त्याआधी लघवीत जंतू वाढतात का ते सांगणारा कल्चर रिपोर्ट स्वच्छ पाहिजे, कारण जंतुसंसर्ग असताना नळी घालत नाहीत. इथवर सगळं बरोबर.

दवाखान्यात नमुने घेणाऱ्या खिडकीवरचा माणूस म्हणाला, "भाऊ, सकाळी दहाच्या आत डबी ट्रेमध्ये ठेवा." ठेवली. तीन दिवसांनी रिपोर्ट: एकापेक्षा जास्त जंतूंची वाढ, नमुना पुन्हा पाठवा. तारीख गेली, पुढची तीन आठवड्यांनी. दुसऱ्यांदा साबणाने धुऊन, मधल्या धारेची लघवी नव्या डबीत घेतली. रिपोर्ट तोच. पहिल्या वेळी मला वाटलं होतं, आपलंच काही चुकतंय.

पण दुसरी डबी दिली त्या दिवशी जुना कागद घ्यायचा होता म्हणून एक वाजेपर्यंत तिथंच थांबलो होतो. बाहेर ४४ अंश. ट्रे खिडकीच्या कट्ट्यावरच, माझी डबी त्यात तिसरी, झाकणावर माझंच अक्षर. वर पंखा, फ्रिज कुठं दिसेना. दोन तासांत नमुना तपासणीला लावायचा नाहीतर गार ठेवायचा, नाहीतर त्यात बाहेरचे जंतू वाढतात, हे प्रयोगशाळेतला कोणताही पोरगा सांगेल. विचारलं, "हे काहून पडलं आहे अजून?" उत्तर आलं, "नेणारा जेवायला गेला." मी आवाज चढवला. चढवायला नको होता, पण बरं वाटलं.

तिसऱ्यांदा डॉक्टरांना स्पष्ट सांगितलं. सिस्टरने नळीने नमुना काढला. तो बर्फाच्या पिशवीत घालून मी स्वतः धंतोलीतल्या एका लॅबमध्ये पंधरा मिनिटांत दिला. जंतू नाहीत. डबीवर नमुना घेतल्याची वेळ लिहा, मग कोणाला 'आत्ताच आली' म्हणता येत नाही.

तपासणी तशी सोपी. एक बारीक नळी मूत्राशयात, एक गुदद्वारात, हळूहळू सलाइन भरत जातात आणि खोकायला सांगतात. लाज वाटते, दुखत फारसं नाही. माझ्या आलेखात दाब वाढतच नव्हता, म्हणजे किडनीवर येणार नव्हतं. मी तिथल्या तिथे रडलो.

आता दिवसातून पाच वेळा लघवी काढायची १४ नंबरची नेलाटन नळी, जेली लावून, स्वतःच. हात साबणाने धुवायचे, हातमोज्यांचं नाटक नाही. पहिल्या दिवशी वीस मिनिटं लागली, आता तीन. एका वेळी ४०० मिलीच्या वर निघालं की पुढची वेळ अलीकडे घेतो.

हो, डायरी राहिलीच. तपासणीआधी तीन दिवस प्यायलेलं आणि निघालेलं मिलीत लिहून नेलं तर डॉक्टर खरंच वाचतात. पाणी तोडू नका, मी तोडलं आणि लघवी चहासारखी झाली. संध्याकाळी सातनंतर मात्र कमी. उन्हाळ्यात मी ताकाचा दुसरा ग्लास दुपारीच संपवतो.

सीताबर्डीला जाताना डिकीत चेन असलेली पिशवी असते: दोन नळ्या, जेली, साबणाचा तुकडा. परवा पोराने त्यात बिस्किटाचा पुडा टाकून ठेवला होता.