नव्ह शापेलला जायचं असेल तर

युरोपच्या सहलीत आपली मंडळी पॅरिसहून थेट ब्रसेल्स नाहीतर ॲमस्टरडॅम गाठतात. मधला, उत्तर फ्रान्समधल्या लील शहराच्या आसपासचा सपाट, शेतीभातीचा मुलूख रेल्वेच्या खिडकीतून निघून जातो. माझं आग्रहाचं सांगणं आहे की तिथे उतरा आणि दोन दिवस राखून ठेवा. पहिल्या महायुद्धात, 1914 च्या ऑक्टोबरात, आपले सैनिक ब्रिटिशांकडून जर्मनांशी लढताना याच मातीत खंदक खणून बसले होते, आणि त्यांत पुण्याजवळच्या खडकीहून गेलेल्या सॅपर्सच्या, म्हणजे लष्करी अभियंत्यांच्या, दोन कंपन्या होत्या.

मुक्काम लीलला करावा. नव्ह शापेल या खेड्याजवळचं भारतीय स्मारक तिथून पश्चिम-नैर्ऋत्येला साधारण 20 किलोमीटरवर, ला बासे ते एस्तेर या डी-947 रस्त्यावर आहे. रेल्वेने ला बासेपर्यंत जाता येतं, पण पुढे 5 किलोमीटर उरतात. भाड्याची गाडी घेतलेली बरी, कारण बाकीची ठिकाणंही अशीच विखुरलेली आहेत. आमची गाडी भाचा चालवत होता. मी मांडीवर नकाशा घेऊन बसले होते.

स्मारक चौकालाच लागून आहे. वर्तुळाकार आवार, त्यात सुमारे 15 मीटर उंचीचा स्तंभ, माथ्यावर कमळ, पायथ्याशी दोन दगडी वाघ. आराखडा हर्बर्ट बेकर यांचा, उद्घाटन 7 ऑक्टोबर 1927 चं. स्तंभ पाहून मागे फिरू नका. खरं बघायचं ते मागच्या गोलाकार भिंतीवर आहे. फ्रान्स आणि बेल्जियममध्ये पडलेल्या, पण ज्यांची कबर कुठे आहे हे माहीत नाही अशा 4,700 हून जास्त भारतीयांची नावं तिथे पलटणीनुसार कोरली आहेत. ‘सॅपर्स अँड मायनर्स’ हा मथळा शोधा. नावं रोमन लिपीत आहेत आणि स्पेलिंग त्या काळच्या साहेबाच्या कानाला जसं ऐकू आलं तसं. नुसती नजर फिरवली तर काही कळत नाही. एकेक नाव मोठ्याने वाचलं की मग ते आपल्याकडचं वाटू लागतं. मी तसंच वाचत गेले आणि काही वेळाने मला थांबावं लागलं.

28 ऑक्टोबर 1914 ला 47 वी शीख पलटण आणि सॅपर्सच्या 20 आणि 21 नंबरच्या कंपन्यांना नव्ह शापेल गाव परत घ्यायला पाठवलं. सॅपर म्हणजे पूल बांधणारा, सुरुंग लावणारा, खंदक आखणारा जवान. त्या दिवशी त्यांना संगिनी लावून उघड्या शेतातून धावायला लावलं. ते गावात शिरले, घराघरातून लढले आणि जर्मनांच्या उलट हल्ल्यामुळे त्यांना मागे यावं लागलं. दोन्ही कंपन्यांचे जवळजवळ सगळे अधिकारी मारले गेले किंवा जखमी झाले. इतकी कसलेली, शिकलेली माणसं अशी खर्ची घातली याचा मला आजही राग येतो.

आता पूर्वेकडे पाहा. ओबेरची टेकडी दिसते का? टेकडी म्हणणंही जास्तच, कारण चढ जेमतेम दहा-पंधरा मीटरचा आहे. तेवढ्या उंचीसाठी 10 ते 13 मार्च 1915 ची लढाई झाली. सकाळी साडेसातला तोफा सुरू झाल्या, 35 मिनिटांनी पायदळ निघालं. गाव हाती आलं, टेकडी नाही. भारतीय कोअरचे, म्हणजे तिथल्या भारतीय फौजेचे, मृत, जखमी आणि बेपत्ता मिळून सुमारे 4,200 जण कामी आले. ज्या गढवाली रायफलमनला, गब्बरसिंग नेगीला, मरणोत्तर व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला त्याचं नावही याच भिंतीवर आहे.

खंदक म्हटलं की आपण खोल चर डोळ्यांसमोर आणतो. इथे दोन-तीन फूट खणलं की पाणी लागतं. त्यामुळे अर्धा चर आणि वर मातीच्या पोत्यांची भिंत अशी रचना करावी लागे. चर सरळ रेषेत कधीच नसे, ठरावीक अंतरावर काटकोनात वळवलेला असे, म्हणजे गोळा आत पडला तरी त्याचे तुकडे एकाच कप्प्यात अडकतात. पुढची फळी, आधाराची फळी, राखीव फळी आणि त्यांना जोडणारे आडवे-तिडवे चर. दिवसा डोकं वर काढायची सोय नाही, सगळी कामं रात्री. पाय दिवसचे दिवस थंड पाण्यात राहून सडत. उवा आणि उंदीर पाठ सोडत नसत. आपले लोक तर सुती खाकीत आले होते, गरम कपडे मागाहून मिळाले. हातबाँब पुरेसे नव्हते, म्हणून सॅपर्सनी जॅमच्या रिकाम्या डब्यांत स्फोटकं भरून ते बनवले.

नव्ह शापेलला यातलं आज काही उरलेलं नाही, सगळीकडे नांगर फिरलाय. प्रत्यक्ष खंदक बघायचा तर दक्षिणेला व्हिमीला जा. ते कॅनडाचं स्मारक आहे, लढाई एप्रिल 1917 ची. तिथल्या चरांची पोती युद्धानंतर सिमेंटने भरून पक्की केली आहेत. एका जागी दोन्ही बाजूंच्या चौक्यांमध्ये साधारण 25 मीटरच अंतर आहे. पलीकडचा खोकला ऐकू आला असेल. तिथलं युद्धकाळातलं भुयार बघण्यासाठी वाटाड्यासोबत जावं लागतं, जागा आधी राखून ठेवा. सोम भागातलं बोमों-आमेलही बघण्यासारखं आहे. तिथे चर गवताखाली तसेच आहेत आणि 1 जुलै 1916 ला न्यूफाउंडलंडच्या तुकडीचे सुमारे 800 जण निघाले, दुसऱ्या दिवशी हजेरीला 68 होते. वेळ कमी असेल तर मात्र व्हिमी निवडा.

दुसरा दिवस बेल्जियममधल्या ईपरसाठी. क्लॉथ हॉल या जुन्या कापडबाजाराच्या इमारतीतलं युद्धसंग्रहालय सकाळीच बघून घ्या, ते घाईने उरकण्यासारखं नाही. 22 एप्रिल 1915 ला याच आघाडीवर क्लोरीन वायू सोडला गेला आणि चार दिवसांनी भारतीय फौजेच्या लाहोर डिव्हिजनला त्याच्यासमोर उभं केलं. ना मुखवटे, ना काही, फक्त तोंडावर ओली फडकी. संध्याकाळी मेनिन गेट या स्मारक-कमानीत रोज आठला बिगुल वाजतो, पाऊणएक तास आधी जागा धरा. कमानीवरच्या, कबर माहीत नसलेल्या सैनिकांच्या, 54,000 हून जास्त नावांत भारतीयही आहेत. बाजूच्या तटबंदीवर भारतीय सैनिकांचं छोटं स्मारक आहे, तिथे गर्दी नसते.

मार्च किंवा कापणीनंतरचे दिवस चांगले. उन्हाळ्यात मका उभा असतो आणि ओबेरची टेकडी दिसत नाही. चिखलाचे बूट घ्या. रविवारी खेड्यांतली दुकानं बंद असतात, डबा सोबत ठेवा. शेताच्या कडेला गंजलेला गोळा दिसला तर हात लावू नका. ते अजूनही फुटतात, व्हिमीला तर कुंपणापलीकडे माणसाला जाऊच देत नाहीत, गवत मेंढ्या राखतात.

निघण्याआधी एक काम घरीच करा. राष्ट्रकुल युद्धस्मशान आयोगाच्या संकेतस्थळावर पलटणीच्या नावाने शोध घेता येतो, आणि पुष्कळ नोंदींत बापाचं नाव, गाव, तालुका, जिल्हा दिलेला असतो. साताऱ्याच्या मिलिटरी अपशिंग्यासारख्या गावात महायुद्धात गेलेल्यांची स्मारकशिळा आजही आहे. तुमच्या गावच्या चावडीवर किंवा शाळेत अशी संगमरवरी पाटी असेल तर तिचा फोटो काढून ठेवा. बरेच मराठे फ्रान्सला नाही, मेसोपोटेमियात म्हणजे आजच्या इराकमध्ये, कूत शहराच्या वेढ्यात होते, त्यांची नावं या भिंतीवर सापडायची नाहीत. गावाचं स्पेलिंग चारपाच तऱ्हांनी घालून बघा. नोंद सापडली की त्यात भिंतीवरच्या फलकाचा क्रमांक मिळतो, तो लिहून घ्या.