बाण सोडताना टिरेलला पाहिलं कोणी?

डॉक्युमेंट्रीत नट घेऊन जुना प्रसंग उभा करतात ना, ते रिकन्स्ट्रक्शन, त्याची मला चीड येते आणि तरी मी डोळे फाडून बघते. परवा इंग्लंडच्या दुसऱ्या विल्यमवरची, म्हणजे विल्यम रूफसवरची बघितली. २ ऑगस्ट ११००, न्यू फॉरेस्ट, शिकार चालू, वॉल्टर टिरेल नावाचा सरदार हरणावर बाण सोडतो आणि तो थेट राजाच्या छातीत. स्लो मोशन, ढोल, खल्लास.

पण कागदावर काय आहे? अँग्लो-सॅक्सन क्रॉनिकल, म्हणजे त्या काळची इंग्रजी बखर, एवढंच म्हणते की शिकारीत राजाला त्याच्याच एका माणसाचा बाण लागला. नावच नाही! मावळतीचं ऊन, डोळ्यांवर धरलेला हात, राजाने स्वतः बाणाची काडी मोडली आणि जखमेवरच कोसळला, हे सगळं माम्सबरीच्या विल्यम नावाच्या साधूने लिहिलंय, तेही पंचवीसेक वर्षांनी, आणि कॅमेरा नेमका त्याच्याच मागे धावतो कारण शॉट भारी मिळतो. उलट टिरेल फ्रान्सला पळाल्यावर त्याच्या तोंडून ऐकणारा मठाधिपती सुजेर लिहितो की हा माणूस शपथेवर सांगायचा, मी त्या दिवशी राजा होता त्या भागात गेलोच नव्हतो. हे मात्र शेवटी उडतउडत.

धाकटा भाऊ हेन्री त्याच शिकारीत होता, तो तडक विंचेस्टरला खजिन्यावर आणि ५ ऑगस्टला वेस्टमिन्स्टरला राज्याभिषेक, मोठा भाऊ रॉबर्ट अजून क्रुसेडवरून, म्हणजे जेरुसलेमच्या धर्मयुद्धावरून, परततोय, त्यामुळे संशय येणारच, मलाही येतो. पण हाका घालून जनावर धनुर्धाऱ्यांसमोर आणायचं म्हटलं की समोरचा माणूसही टप्प्यात येऊ शकतो, आणि त्याच मे महिन्यात रॉबर्टचा मुलगा याच जंगलात बाण लागून गेला होता. त्याच्यामागे कोणी कट शोधत बसत नाही.

माझं म्हणणं, दाखवायचंच तर दोनदा दाखवा, एकदा साधूचं आणि एकदा टिरेलचं, ज्यात तो तिथे नाहीच. आणि खून म्हणायचाच असेल तर मग स्लो मोशनपेक्षा हिशेब दाखवा, राजाला मारल्याचा आरोप असलेल्या टिरेलच्या बायकोकडे ११३० च्या शाही हिशेबातसुद्धा एसेक्समधली लँगमची जमीन आहेच की, हेन्रीने काढून घेतलेली नाही!