नोबल जॉन्सन : १९१६ ते १९१८ या वर्षांची कोंडी फुटली

हॉलिवूडचा कृष्णवर्णीय अभिनेता नोबल जॉन्सन याच्या सगळ्या चित्रपटांची सूची करणे हा माझा छंद. १९१९नंतरची चित्रपटसूची बऱ्यापैकी मार्गी लागली असली, तरी त्याआधीची तीन वर्षे अडून बसली होती आणि नेमकी तीच वर्षे नोबल जॉन्सनच्या कारकिर्दीत सर्वांत मोलाची आहेत. एकीकडे तो युनिव्हर्सल या चित्रसंस्थेच्या सीरियलमध्ये, म्हणजे भागाभागांनी दाखवल्या जाणाऱ्या चित्रपटांत, दुय्यम भूमिका करत होता आणि दुसरीकडे त्याच कमाईच्या बळावर लिंकन मोशन पिक्चर कंपनी उभी करून कृष्णवर्णीय प्रेक्षकांसाठी स्वतः नायक म्हणून पडद्यावर येत होता. १९१८मध्ये त्याने लिंकन सोडली ती युनिव्हर्सलच्या दबावामुळे, असे सांगितले जाते. परंतु त्या काळात त्याचे कोणते चित्रपट एकमेकांसमोर उभे होते, हे तारखांसह मांडल्याशिवाय त्या दबावाचे स्वरूप उमगणार नाही.

अडचण शोधाची होती. त्या काळची व्यावसायिक चित्रपट मासिके आणि साप्ताहिके मीडिया हिस्टरी डिजिटल लायब्ररीमुळे कोणालाही विनामूल्य पाहता येतात, आणि या छंदासाठी याहून मोठी देणगी मला ठाऊक नाही. पण ‘नोबल’ हा इंग्रजीतला रोजचा शब्द आणि जॉन्सन हे अतिशय प्रचलित आडनाव. त्यामुळे सुटे शब्द टाकले की दिग्दर्शक जॉन नोबल, मुष्टियोद्धा जॅक जॉन्सन आणि प्रवासपट काढणारे मार्टिन जॉन्सन यांचाच ढीग समोर येतो. संपूर्ण नाव अवतरणात टाकावे, तर उलट फारच थोडे हाती लागते. याचे कारण पानांच्या मांडणीत आहे. तीन-चार अरुंद स्तंभांच्या पानावर ओसीआर, म्हणजे प्रतिमेतली अक्षरे ओळखणारी संगणकप्रणाली, पुष्कळदा सरळ आडवे वाचत जाते, त्यामुळे एका स्तंभातली ओळ शेजारच्या स्तंभातल्या ओळीला चिकटते. नाव ओळीच्या शेवटी तुटले असेल, तर ‘नोबल’ आणि ‘जॉन्सन’ यांच्यामध्ये भलत्याच चित्रपटाची जाहिरात येऊन बसते.

सशुल्क वृत्तपत्रसंग्रहही वापरून पाहिला, पण तिथे पानाची प्रतिमा मूळ आकारात उतरवू देत नाहीत, त्यामुळे या कामासाठी तो निरुपयोगी ठरला. वाट मिळाली ती पानांच्या प्रतिमा स्वतः कापण्यातून. प्रत्येक पान उभ्या रिकाम्या पट्ट्यांवर छेदून एकेक स्तंभ वेगळा केला, तो टेसरॅक्ट या ओसीआर प्रणालीतून नव्याने वाचून घेतला, ओळीअखेरची संयोगचिन्हे काढून तुटलेले शब्द जोडले आणि मग दोन शब्द एकमेकांच्या जवळ असतील अशाच जागा शोधल्या. टेसरॅक्ट फुकट आहे म्हणून त्याला कमी लेखणाऱ्यांनी हा प्रयोग अवश्य करावा. स्तंभ आधी कापून दिला की जुन्या, झिजलेल्या टंकातला मजकूरही ते आश्चर्य वाटावे इतका स्वच्छ वाचते. ‘द रेड एस’ आणि ‘बुल्स आय’ या सीरियलच्या भागांचे सारांश आता सलग वाचता येत आहेत, आणि नायक-नायिकांच्या मागे चौथ्या-पाचव्या क्रमांकावर त्याचे नाव छापलेले दिसले की फार समाधान वाटते.

चेहऱ्यावरून ओळख पटवण्याचे काम मात्र संथ आहे. रंगभूषेने त्याला काय काय केले नाही! १९२४मध्ये ‘द थीफ ऑफ बगदाद’मध्ये तो भारतीय राजपुत्र आहे, त्याच वर्षी ‘द नॅव्हिगेटर’मध्ये नरभक्षकांचा म्होरक्या आहे, आणि १९३२च्या ‘द मोस्ट डेंजरस गेम’मध्ये तर गोरा रंग लावून उभा केलेला इव्हान नावाचा कोसॅक आहे. दाढी, पगडी, रंग यांनी सगळे झाकले तरी कानाची पाळी आणि खांद्यांची ठेवण झाकत नाही, म्हणून मी त्यांवरच भर देतो. स्वस्त डीव्हीडीच्या प्रती यासाठी घेऊ नयेत. त्यांत सावल्या इतक्या काळ्या झालेल्या असतात की कान दिसतच नाही.

हे लिहीत असतानाच सूचीचा आराखडा बदलावा असे वाटू लागले आहे. एकाखाली एक नावे देण्याऐवजी या तीन वर्षांपुरती आठवडावार दिनदर्शिका करावी: एका बाजूला युनिव्हर्सलच्या सीरियलचे भाग, दुसऱ्या बाजूला ‘द रिअलायझेशन ऑफ अ नीग्रोज अँबिशन’ आणि ‘द लॉ ऑफ नेचर’ यांसारख्या लिंकनच्या चित्रपटांचे खेळ. दुसऱ्या बाजूसाठी व्यावसायिक मासिके पुरणार नाहीत, तिथे कृष्णवर्णीय वृत्तपत्रेच धुंडाळावी लागतील. त्याचा भाऊ जॉर्ज ओमाहाच्या टपालखात्यात नोकरी करत लिंकनच्या वितरणाचे काम पाहत असे, आणि त्याने जमवलेली कात्रणे व पत्रव्यवहार आज लॉस एंजेलिसच्या कॅलिफोर्निया विद्यापीठात आहेत. तो संग्रह मायक्रोफिल्मवरही असल्याने ‘द मोस्ट डेंजरस गेम’च्या चौकटींची छाननी तूर्त थांबवून आधी १९१७ची रिळे मागवणार आहे. ज्यांनी ती पाहिली असतील, त्यांनी चित्रपटगृहांच्या जाहिराती कोणत्या रिळात आहेत एवढे कळवावे.