पिकदाणी, मोरचूद आणि काळा कोंबडा

आमच्या घरी द्राक्षे आहेत, वाइन नाही. दिंडोरी तालुक्यातल्या आमच्या साडेचार एकरांत थॉमसन जातीच्या बिनबियांच्या द्राक्षांची बाग आहे आणि माझे यजमान माळकरी आहेत, त्यामुळे गंगापूर धरणाच्या काठच्या वायनरींवरून वर्षानुवर्षे येजा करूनही आम्ही कधी त्यांच्या फाटकाच्या आत पाऊल टाकले नव्हते. मागच्या सप्टेंबरात, ऑक्टोबर छाटणीच्या आधी जी थोडी सवड मिळते तिचा फायदा घेऊन आणि बाग धाकट्या दिरांवर सोपवून, आम्ही इटलीत फ्लोरेन्सला शिकणाऱ्या लेकीकडे गेलो. तिने आम्हाला जवळच्या कियांती या वाइनच्या प्रदेशातली एक सेंद्रिय द्राक्षबाग दाखवायचे ठरवले होते. "बाबा, तुम्ही पिऊ नका, नुसती बाग बघा," या एका वाक्यावर हे तयार झाले. मी माळ घातलेली नाही, त्यामुळे चव घेण्याचे काम माझ्याकडे आले.

अशी भेट आधी वेळ ठरवल्याशिवाय होत नाही. लेकीने तीन आठवडे आधी दोन बागांना ईमेल केला. एकीकडून उत्तरच आले नाही, दुसरीने दरडोई 35 युरो, इंग्रजीतून माहिती आणि दोन तासांचा वेळ असे कळवले आणि खाण्याचे काही पथ्य आहे का, हेही विचारले. आम्ही शाकाहारी असल्याचे लिहिले, पण चीज कशाने विरजतात, हे विचारायचे राहून गेले. टस्कनीतले मेंढीच्या दुधाचे पेकोरिनो चीज बहुधा वासराच्या जठरातून काढलेल्या रेनेटने बनते. हे आम्हाला टेबलावर बसल्यावर कळले आणि ताटली लेकीसमोर सरकवावी लागली. शाकाहारी माणसाने हा प्रश्न ईमेलमध्येच विचारून ठेवावा. तसाच आणखी एक प्रश्न वाइन निवळण्याचा. लाल वाइन स्वच्छ करण्यासाठी अंड्याचा पांढरा बलक वापरण्याची जुनी रीत आहे आणि सेंद्रिय वाइनलाही ती चालते. या बागेत वाइनमधला गाळ आपोआप खाली बसू देतात, म्हणून आमचे निभावले.

इटलीत गाडी चालवणाऱ्याच्या रक्तात लिटरमागे अर्ध्या ग्रॅमहून अधिक अल्कोहोल चालत नाही, म्हणून आम्ही फ्लोरेन्सहून ग्रेव्हेमार्गे पांझानोला जाणारी बस पकडली. टेकड्या, सरूची झाडे, ऑलिव्ह आणि त्यांच्या मधून मधून द्राक्षांच्या ओळी. फ्लोरेन्स आणि सिएना यांच्यामधल्या या प्रदेशाची हद्द टस्कनीच्या तेव्हाच्या शासकाने, तिसऱ्या कोसिमो द मेदिचीने, 1716 साली हुकूम काढून ठरवली होती आणि आजही बाटलीच्या गळ्यावरचा काळा कोंबडा ही इथल्या कियांती क्लासिको या लाल वाइनची खूण आहे. पांझानोच्या परिसरातल्या बहुतेक बागा सेंद्रिय आहेत, हेच ते गाव निवडण्याचे कारण.

बाग दाखवायला आलेली मुलगी पंचविशीची असेल. आम्ही नाशिकचे द्राक्षवाले आहोत असे लेकीने सांगताच तिने ठरलेले भाषण बाजूला ठेवले आणि आम्हाला थेट ओळीत नेले. पर्यटकांसाठी बेतलेल्या त्या फेरीची बघता बघता शिवारफेरी झाली. आमच्याकडे घड डोक्याच्या उंचीवर, वाय आकाराच्या मांडवाला लटकतात. इथे ते गुडघ्याएवढ्या उंचीवर होते, लहान, गच्च आणि काळेभोर. ठिबकची नळी कुठे दिसत नाही म्हणून ह्यांनी विचारले, तेव्हा नियमाप्रमाणे फक्त संकटकाळी पाणी देता येते, असे उत्तर मिळाले. जमीन खडकाळ होती. गालेस्त्रो म्हणतात तो पापुद्र्यांचा दगड ह्यांनी बोटांत चुरडून पाहिला आणि "आपला मुरूम बरा," असे म्हणून हात झटकले. हेक्टरी साडेसात टनांहून अधिक माल काढायला परवानगी नाही, हे ऐकल्यावर मात्र ते थांबले. म्हणजे एकरी तीन टन. आमच्याकडे एकरी दहा टनांच्या खाली गेले तर वर्ष वाया गेले म्हणतात.

खरे संभाषण रंगले ते फवारणीवर. सेंद्रिय म्हणजे काही न मारता पिकवलेले, अशी माझीही समजूत होती आणि ह्यांना त्यावर मुळीच विश्वास नव्हता. "डावणी आली की काय करता?" हा द्राक्षावरच्या त्या बुरशीच्या रोगाबद्दलचा त्यांचा पहिला प्रश्न. मुलीने पानाच्या खालच्या बाजूचा सुकलेला डाग दाखवला आणि सरळ सांगितले की तांबे मारतो, आणि भुरी या दुसऱ्या बुरशीसाठी गंधक. बोर्डो मिश्रण आमच्या घरात पिढ्यान्‌पिढ्या आहे, मोरचूद आणि चुना कालवलेली निळी बादली मी लग्न होऊन आले तेव्हापासून पाहते आहे, त्यामुळे ह्यांचा चेहरा "मग वेगळे काय?" असा झाला. वेगळी आहे ती मर्यादा. युरोपीय संघाच्या नियमानुसार सात वर्षांत हेक्टरी 28 किलोहून अधिक तांबे घालता येत नाही, कारण ते जमिनीत साठते आणि गांडुळांना मारते. ह्यांनी तिथेच हिशेब केला. एक टक्क्याचे बोर्डो एकरी 400 लिटर मारले तर चार किलो मोरचूद लागते, त्यात पाव हिस्सा तांबे म्हणजे एक किलो, हेक्टरी अडीच किलो. वर्षाला सरासरी चार किलोची मुभा असेल तर आपल्या मात्रेच्या दोन फवारण्याही बसत नाहीत. म्हणूनच इथे अगदी हलकी मात्रा देतात आणि पावसाने ती धुऊन नेली की पुन्हा देतात. 2023 च्या पावसाळी वसंतात इटलीभर डावणीने थैमान घातले, तेव्हा याच मर्यादेत राहून बाग वाचवताना माल बराच गेल्याचे तिने काही न लपवता सांगितले. दोन ओळींमध्ये घोडेवाल आणि सातू पेरून ते वसंतात हिरवळीचे खत म्हणून जमिनीत गाडतात, हे मात्र ह्यांना लगेच पटले. आमच्याकडे त्यासाठी ताग असतो.

मग ह्यांनी खिशातून रसाची गोडी मोजायचा रिफ्रॅक्टोमीटर काढला. तो त्यांनी इटलीला आणला आहे, हे मलाही ठाऊक नव्हते. मुलीची परवानगी घेऊन एक मणी पिळला, काच उजेडाकडे धरली आणि म्हणाले, "तेवीस." आमच्या थॉमसनची गोडी अठराला पोचली की आम्ही तोडणी सुरू करतो. मुलगी हसली आणि तिने आपली पद्धत दाखवली. मणी तोंडात टाकायचा, गर गिळायचा, साल चावायची आणि बी दातांनी फोडायचे. बी तपकिरी आणि कुरकुरीत लागले तर पीक तयार, हिरवे आणि कडू लागले तर थांबायचे. बिनबियांच्या द्राक्षात आयुष्य घालवलेल्या माणसाने बी चावून वर्षाचा अंदाज घेण्याचा तो प्रसंग मी फोटोत पकडला आहे.

तळघरात त्या हंगामाचा रस टाक्यांत आंबत होता. एका टाकीत डोकावू लागल्यावर मुलीने मला मागे ओढले, कारण आंबण्यातून निघणारा कार्बन डायऑक्साइड काठाशीच साचतो आणि माणसाला काही कळायच्या आत भोवळ येते. तिने बाटलीवरचे हिरव्या पानाचे युरोपीय चिन्हही दाखवले. 2012 पर्यंत बाटलीवर फक्त "सेंद्रिय द्राक्षांपासून बनवलेली वाइन" असेच लिहिता यायचे, कारण तळघरात काय चालते त्याचे नियमच नव्हते. आता ते आहेत आणि साध्या लाल वाइनमध्ये लिटरमागे 150 मिलिग्रॅम सल्फाइट (वाइन टिकवणारे गंधकाचे संयुग) चालते, तर सेंद्रियमध्ये 100. सोनेरी बेदाण्याला गंधकाची धुरी देतात हे आम्हाला माहीत असल्याने यात दचकण्यासारखे काही वाटले नाही.

चव घ्यायला बसलो तेव्हा पहिली चूक माझीच निघाली. बसमधून उतरताना मी सवयीने बडीशेप तोंडात टाकली होती आणि पहिल्या घोटात बडीशेपेशिवाय काहीच लागले नाही. मुलीने टस्कनीचा बिनमिठाचा पाव पुढे केला. नुसता खायला तो अगदी बेचव, पण जीभ कोरी करायला उत्तम. वर अत्तर लावून जाऊ नये, हेही तेव्हाच उमगले. टेबलावर एक पितळी भांडे होते. लेक त्याला काय म्हणावे म्हणून अडखळली, हे म्हणाले, "पिकदाणी." अगदी तीच. घोट तोंडात घोळवून त्यात थुंकायचा असतो आणि त्यात संकोच करण्यासारखे काहीच नाही. मी पहिल्या दोन ग्लासांना संकोच केला आणि तिसऱ्याला डोके जड झाल्यावर शहाणी झाले.

क्रम हलक्याकडून भारीकडे होता: आधी साधी क्लासिको, मग निदान 24 महिने मुरवलेली रिझेर्वा आणि शेवटी 30 महिन्यांची ग्रान सेलेत्सिओने. क्लासिकोमध्ये निदान 80 टक्के सँजोव्हेझे द्राक्ष असावेच लागते. वासाला मला आधी चेरी सांगितली गेली, पण मला आठवली ती करवंदे, आणि मागून कोकमासारखा आंबटपणा. तुरटपणा हिरड्यांवर येऊन बसतो, जांभूळ खाल्ल्यावर बसतो तसा. चुकीचे उत्तर नसते, असे मुलगी वारंवार सांगत होती. मला ते पूर्ण पटले नाही, कारण रिझेर्वाला मी "छान" म्हटल्यावर तिने शांतपणे "छान कशासारखे?" असे विचारलेच.

हे सगळा वेळ ग्लास नाकाशी धरून नुसता वास घेत होते आणि प्रत्येक ग्लास मग माझ्याकडे सरकवत होते. शेवटी छोट्या पेल्यात मधाच्या रंगाची व्हिन सान्तो आली. तिच्यासाठी पांढरी द्राक्षे माळ्यावर महिनोन्‌महिने वाळवतात आणि त्यांचा रस छोट्या पिंपांत वर्षानुवर्षे ठेवतात, हे मुलगी सांगणार, त्याआधीच ह्यांनी पेला नाकाखालून फिरवला, डोळे मिटले आणि तिला मराठीतच सांगून टाकले, "पोरी, हा तर तासगावच्या बेदाण्याच्या शेडचा वास." लेकीने भाषांतर केले. मुलीने ते वहीत लिहून घेतले आणि तासगाव हे नाव कसे लिहायचे, ते विचारले.