करार संपला, काढलं की राजीनामा दिला?

इंदूरचा सांवेर रोड, पोलोग्राउंड नाहीतर जवळचं पीथमपूर, आपल्यातले पुष्कळजण आता ठेकेदाराच्या हजेरीपटावर किंवा वर्षाच्या करारावर असतात. नोकरी जाते तेव्हा पहिला प्रश्न असतो, नोटीस किती दिवसांची? त्याआधी बघायचं ते हे, की नोकरी कागदोपत्री कशी संपतेय. हक्क त्यावर ठरतात.

एचआरवाले बहुधा तयार राजीनामा पुढे करतात: 'सही करा, हिशेब लगेच होईल.' सही केलीत की ती 'छाटणी', म्हणजे मालकाने कामावरून कमी करणं, राहत नाही आणि भरपाईचा दावा तिथेच लंगडा पडतो. हिशेबासाठी राजीनामा लागतच नाही. नव्या वेतन संहितेप्रमाणे काढलं असो की स्वतः सोडलं असो, राहिलेला पगार दोन कामकाजाच्या दिवसांत द्यायचा असतो. ठेकेदाराने हात वर केले तर ती जबाबदारी मूळ कंपनीवर येते.

ठरल्या मुदतीचा करार मुदतीला संपला, तर ती छाटणी नव्हे. नोटीस नाही, भरपाईही नाही. ग्रॅच्युइटी, म्हणजे केलेल्या सेवेबद्दलची एकरकमी रक्कम, मात्र मिळते, आणि त्यासाठी पाच वर्षं थांबावं लागत नाही, एक वर्ष पुरतं. मूळ वेतन अधिक महागाई भत्ता १२,००० असेल तर १२,००० × १५ ÷ २६, म्हणजे वर्षाला सुमारे ६,९२३ रुपये. मुदतीआधीच काढलं, तर करारात तसं कलम आहे का ते आधी वाचा. पुष्कळ करारांत ते शेवटच्या पानावर बारीक अक्षरांत असतं.

आता छाटणी. वर्षभराची सलग सेवा असेल तर कारण लिहिलेली किमान एक महिन्याची लेखी नोटीस किंवा तेवढा पगार, आणि शिवाय दर वर्षामागे १५ दिवसांचा सरासरी पगार. सहा महिन्यांहून जास्तीचा तुकडा पूर्ण वर्ष धरतात. पगार १८,००० आणि सेवा ३ वर्षं ८ महिने असेल तर चार वर्षांचे ९,००० प्रमाणे ३६,०००, त्यात नोटिशीचे १८,०००, मिळून ५४,०००. इथे २६ ने भागायचं नाही, ते ग्रॅच्युइटीसाठी. हे दोन हिशेब एकत्र कालवले की आकडा चुकतो.

'वर्षभराची' म्हणजे मागच्या बारा महिन्यांत २४० दिवस, पगारी रविवार आणि सुट्ट्या धरून. अकरा महिन्यांनी दोन दिवसांचा ब्रेक दिला म्हणून हे दिवस पुसले जात नाहीत. पण दाखवायचे कामगाराने. सुप्रीम कोर्टाने २००२ मध्येच सांगितलं की नुसत्या शपथपत्राने भागत नाही. म्हणून पीएफ पासबुक, बँकेचं स्टेटमेंट, ईएसआयची (कामगार विम्याची) नोंद, गेटपास, हजेरी अ‍ॅपचे स्क्रीनशॉट नोकरीत असतानाच स्वतःकडे उतरवून ठेवा. काढल्यावर पहिलं लॉगिनच बंद होतं.

हे सगळं 'कामगारा'साठी. मॅनेजर किंवा १८,००० वरचा सुपरवायझर त्यात बसत नाही. त्याचा आधार नेमणूकपत्रातलं नोटीस कलम. पण नाव सुपरवायझर आणि काम मशीनवर असेल, तर काम बघितलं जातं, नाव नव्हे.

तंटा करायचा तर कामगार खात्याच्या समेट अधिकाऱ्याकडे अर्ज द्या. हिंदीत लिहिला तर बरं, सोबत प्रती, आणि आवक शिक्क्याची पावती घेतल्याशिवाय खिडकी सोडू नका, कारण ४५ दिवस त्या अर्जापासून मोजतात. तेवढ्यात तोडगा निघाला नाही तर थेट औद्योगिक न्यायाधिकरणात जाता येतं, मात्र काढल्यापासून दोन वर्षांच्या आत. पीथमपूर धार जिल्ह्यात येतं, तेव्हा तिथला अर्ज कुठल्या कार्यालयात चालेल ते आधी विचारून घ्या. २१ नोव्हेंबर २०२५ च्या, म्हणजे नव्या संहिता लागू होण्याच्या, आधी काढलं असेल तर जुन्या कायद्याची तीन वर्षांची मुदत तपासायला वकिलाला सांगा.

आणि पीएफ. मालकाने सोडल्याची तारीख चढवली नाही, तर शेवटच्या वर्गणीनंतर दोन महिन्यांनी पोर्टलवर ती स्वतः टाकता येते. 'कारण' निवडताना सवयीने काहीही टिचकवू नका.